अध्यक्षांनंतर कोणी बोलत नाही

अनंता,

रविवारी आपल्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये तुझी शोकसभा झाली आणि तिथेही शेवटचं भाषण माझंच होतं. हयात असलेल्यांत सगळ्यात म्हातारा मी, तुझा सगळ्यात जुना मित्र मी, मग अध्यक्षाची खुर्ची दुसऱ्या कोणाला देणार? सेक्रेटरींनी फोनवर विचारलंसुद्धा नाही, नुसती वेळ सांगितली. तू असतास तर म्हणाला असतास, "प्रोफेसर, खुर्ची दिसली की तुझे गुडघे आपोआप वाकतात."

पाच-सहा जण बोलले. तुझ्या गणिताच्या शिकवणीबद्दल बोलले. गॅस एजन्सीत तू मॅनेजरला त्याचेच नियम पाठ म्हणून दाखवले होतेस, ते सांगून हसले. तुझ्या फटकळपणाला सगळ्यांनी स्पष्टवक्तेपणा म्हटलं. माणूस गेला की एवढी बढती मिळतेच. मग सेक्रेटरींनी लॅमिनेट केलेलं एक कात्रण वर धरलं आणि मोठ्याने वाचून दाखवलं. कोणतं ते तुला सांगायला नको. इंदूरच्या हिंदी दैनिकातलं, तुझ्या फोटोसकट: "मेरे मित्र तादेसे ने क्रांति के लिए अपने प्राण दिए." लोकांनी माना डोलावल्या. पहिल्या रांगेत उषावहिनी बसल्या होत्या. त्यांनी कात्रणाकडे बघितलं नाही, माझ्याकडे बघितलं.

ते वाक्य तू कधीच बोलला नव्हतास. ते माझं वाक्य आहे. हॉलमध्ये हे माहीत असलेली माणसं दोनच होती, वहिनी आणि मी, आणि माइक माझ्या हातात होता. आज सांगायचंच असं मनाशी पक्कं करून मी उठलो. तोंड उघडलं आणि बाहेर आलं ते हे: "अनंताने जग बघितलं, क्रांती बघितली, आणि थोडक्यात सांगायचं तर..." पुढचं तू ओळखशील. त्यानंतर दोन मिनिटं शांतता झाली, आणि लोक चपला शोधायला लागले.

मंडळाने अंकासाठी तुझ्यावर एक पान मागितलं आहे. एका पानात हे मावणार नाही. जागा नसेल तर छापू नका, असं मी त्यांना कळवलंय. पण कापून छापायचं नाही.

लोकांना वाटतं तू साहसी होतास म्हणून आफ्रिकेत गेलास. खरी गोष्ट अशी की तुला इथे पक्की नोकरी मिळत नव्हती, आणि इथियोपियाचं सरकार आपल्याकडून मास्तर नेत होतं. मी सरकारी कॉलेजात राज्यशास्त्र शिकवायला लागलो होतो. तू दर उन्हाळ्यात नोकरीतून कमी व्हायचास आणि जुलैत पुन्हा लागायचास. शेवटी कंटाळून गेलास. राजधानीच्या दक्षिणेला एका लहान गावातल्या शाळेत गणित शिकवायला. तू गेलास तेव्हा तिथे सम्राट होता. तू असतानाच त्याला गादीवरून उतरवलं, सैनिकांनी क्रांती जाहीर केली, आणि पुढची काही वर्षं तू ती शाळेच्या खिडकीतून बघितलीस.

परत आलास तेव्हा इंदूरहून बसने आपल्या शहरात, देवास गेटच्या स्टँडवर उतरलास. लोखंडी ट्रंक हमालाला न देता स्वतः उचललीस. मी घ्यायला आलो होतो. तू म्हणालास, "भूक लागली आहे. आणि मला कोणी काही विचारू नका." त्यानंतर आठवडाभर तूच बोलत होतास. ताटाएवढी आंबवलेली भाकरी असते, आपल्या आंबोळीची थोरली बहीण, सगळे एकाच ताटातून खातात, असं वहिनींना सांगायचास. त्या म्हणायच्या, "मग जा आणि भांडी पण एकच घासा." शाळेचं मात्र काही सांगत नव्हतास.

मला मात्र घाई होती. आणीबाणीत मी वर्गात आपली राज्यघटना अशी शिकवली होती की ती जणू दुसऱ्याच कुठल्या देशाची असावी. एक शब्द मोठ्याने बोललो नव्हतो. आणीबाणी उठली आणि माझा घसा एकदम मोकळा झाला. शनिवारी माझ्या घरी अभ्यासमंडळ भरायचं. पोरं सतरंजीवर बसायची आणि मी त्यांना सांगायचो की आपल्याकडे फक्त सरकार बदललं, समाज बदलायला क्रांतीच लागते. पोरं विचारायची, "सर, अशी कुठे झाली आहे का?" आणि नेमका तेवढ्यात तू बसमधून उतरलास. माझ्यासाठी तू घरपोच आलेला पुरावा होतास.

मंडळाच्या व्याख्यानमालेचा अध्यक्ष मी, त्यात तुझं नाव मीच घातलं. 'क्रांतीनंतरचा समाज' हा विषयही मीच दिला. तू कुरकुरलास, "मी गणिताचा मास्तर, मला समाज काय कळतो? मी फक्त माझ्या शाळेचं सांगेन."

"तू शाळेचं सांग," मी म्हटलं, "समाजाचं मी समारोपात बघतो."

आता जे लिहितो ते मी तुलासुद्धा कधी सांगितलं नाही. तो समारोप मी आदल्या दिवशीच घरी लिहून काढला होता. आपल्याकडे पुष्कळ अध्यक्ष तसंच करतात. वक्ता काय बोलणार हे साधारण माहीत असतं, आपल्याला काय बोलायचंय हे पक्कं माहीत असतं. एरवी त्याने कोणाचं बिघडत नाही. तुझ्या खेपेला बिघडलं.

तू त्या संध्याकाळी काय बोललास ते मला आठवतं तसं लिहितो. सुरुवात तू शाळेच्या शिपायापासून केलीस. मास्तरांसमोर त्याला बसायची सोय नव्हती. दिवसभर स्टाफरूमच्या दाराशी उभा राहायचा. सम्राट गेला त्यानंतर एका सकाळी तादेसेने, म्हणजे इतिहास शिकवणाऱ्या तुझ्या मित्राने, खुर्ची ओढली आणि त्याला सांगितलं, बस. तो बसला. "मला फार बरं वाटलं," तू म्हणालास. "मी तोवर तिथे तीन वर्षं होतो, मला कधी सुचलं नव्हतं. आपल्या शाळांत कोणाला सुचलंय का बघा." हॉलमध्ये मास्तर मंडळी बरीच होती, ती जरा चुळबुळली. "पुढे तोच शिपाई मोहल्ल्याच्या क्रांती कमिटीचा मुख्य झाला," तू म्हणालास, "आणि मग त्या खुर्चीवरून उठेचना." सगळे हसले. तू हसला नाहीस.

मग जमिनीचं सांगितलंस. तादेसेचे वडील कूळ होते. पिकाचा मोठा वाटा जमीनदाराच्या घरी जायचा, वर त्याच्या शेतात फुकट राबायचं, सणाला त्याच्याकडे मध नि कोंबड्या पोचवायच्या. एक दिवस रेडिओवर सांगितलं की आजपासून जमीन कसणाऱ्याची. तादेसे तास अर्धा टाकून गावाकडे चालत सुटला आणि हेडमास्तरने त्याला अडवलं नाही. पुढे सरकारने शिक्षक आणि विद्यार्थी खेड्यांत पाठवले, दोऱ्या घेऊन शेतं मोजून वाटायला. तादेसेही गेला. परत आला तेव्हा हाताला घट्टे होते आणि एक प्रश्न घेऊन आला होता: जमीन लोकांची झाली, मग राज्य अजून सैनिकांचं का? हा प्रश्न तो स्टाफरूममध्ये सगळ्यांसमोर विचारायचा.

"पहिल्या वर्षी लोक त्याच्याशी वाद घालायचे," तू म्हणालास. "नंतर नुसतं ऐकून घ्यायला लागले. आणि शेवटी शेवटी तो बोलायला लागला की सगळे दाराकडे बघायचे. मीही बघायचो."

एका दुपारी कमिटीची माणसं आली आणि त्याला शाळेतून घेऊन गेली. हुकमावर सही त्या शिपायाची होती. दुसऱ्या दिवशी तादेसे रस्त्याच्या कडेला पडलेला सापडला, अंगावर पाटी, क्रांतीचा शत्रू. त्याच्या घरच्यांना शोक करायला बंदी होती. मोठ्याने रडणं हाही गुन्हा होता.

काही आठवड्यांनी तू भलतंच कारण सांगून प्रवासाची परवानगी काढलीस आणि त्याच्या वडिलांकडे गेलास. त्यांनी तुला शेतावर नेलं. टेफ नावाचं त्यांचं धान्य, मोहरीहून बारीक, ते उभं होतं. बांधाबांधाने फिरवून त्यांनी तुला आपली हद्द दाखवली. मग घरी आणलं, दार लावून घेतलं, तोंडात फडकं धरलं आणि रडले. तू त्यांना विचारलंस की ज्यांनी मुलगा मारला त्यांच्याच हातची जमीन तुम्हाला नकोशी होत नाही का. म्हातारा तुझ्यावर भडकला. म्हणाला, "जमीन त्यांनी दिली. मुलगा त्यांनी मारला. तू मास्तर आहेस ना? मग यातलं एक पुसून टाकू नकोस." आणि म्हणाला की तू परदेशी आहेस, तुला इथून जाता येतं, तुझ्या देशात जाऊन सांग माझ्या मुलाला कोणी मारलं.

"मी त्यांना हो म्हटलं होतं," तू म्हणालास. "आज सांगितलं." आणि खाली बसलास.

हॉलमध्ये कोणीच टाळ्या वाजवल्या नाहीत. कशा वाजवणार? माझी पोरं सतरंजीवर पुढे बसली होती, ती माझ्याकडे बघत होती, सर आता काय म्हणतात म्हणून. माझ्या खिशात कागद होता. मी तो काढला. मला तो परत खिशात ठेवता आला असता, अनंता. मी म्हणू शकलो असतो की आज माझ्याकडे बोलायला काही नाही. असं म्हटलेला अध्यक्ष मी आजवर बघितलेला नाही आणि पहिला व्हायची माझी हिंमत नव्हती.

कागदात क्रांतीची किंमत, नव्या समाजाच्या प्रसूतीवेदना, सगळं तयार होतं. तेवढा तादेसे मी उभ्या उभ्या त्यात बसवला. म्हटलं, थोडक्यात सांगायचं तर तादेसेने क्रांतीसाठी आपले प्राण दिले, आणि त्याच्या रक्तावर त्याच्या बापाचं शेत पिकलं. केवढ्या टाळ्या पडल्या. लोक सुटल्यासारखे टाळ्या वाजवत होते. तू सेक्रेटरींकडे झुकून माइक मागितलास. तेव्हाचे सेक्रेटरी बँकेतले, भला माणूस, नियमाचा पक्का. पहिल्या रांगेला ऐकू जाईल एवढ्या आवाजात त्यांनी तुला सांगितलं, "अहो, अध्यक्षांनंतर कोणी बोलत नाही." मग आभार झाले. तुला नारळ दिला. वार्ताहर आभाराच्या वेळेला पोचला, धापा टाकत, आणि मला म्हणाला, "सर, दो लाइन में बता दीजिए, क्या बोले?" मी तेच वाक्य त्याला हिंदीत सांगितलं आणि माझा कागद देऊन टाकला.

घरी जाताना आपण घंटाघराच्या टावरपर्यंत चालत आलो. तिथे थांबलास.

"त्याला दुसऱ्यांदा मारलंस," तू म्हणालास.

"अरे, लोकांना घरी न्यायला एक सूत्र लागतं."

"लोकांना की तुला?"

"मग तुझ्या भाषणातून त्यांनी घ्यायचं काय होतं?"

"काही नव्हतं घ्यायचं. ऐकायचं होतं."

आणि तो नारळ तू पानवाल्याच्या ठेल्यावर ठेवून निघून गेलास. पानवाला मागून ओरडला, "बाबूजी, नारियल!" तो मी घेतला. काय करणार होतो?

वर्तमानपत्रात माझं वाक्य तुझ्या तोंडी छापून आलं. तू सकाळीच अंक घेऊन आलास आणि म्हणालास, "खुलासा पाठव." मी म्हटलं, तूच का पाठवत नाहीस. तू म्हणालास, "माझ्या नावावर छापलंय. मी नाकारलं तर लोक म्हणतील मागे फिरला. तू लिही की वाक्य तुझं आहे." तुझं बरोबर होतं. मी म्हटलं, या आठवड्यात पाठवतो. पुढच्या आठवड्यात तू विचारलंस, मी म्हटलं, परीक्षा चालू आहेत. त्यानंतर तू विचारलं नाहीस. मला वाटलं विसरलास. तू विसरला नव्हतास, तू मला ओळखलं होतंस.

त्याच काळात केव्हातरी एकदा, भांडण नसताना, तू मला एक गोष्ट सांगितलीस. तादेसेला नेलं त्या दुपारी तू शेजारच्या वर्गात होतास. व्हरांड्यातून त्याला नेताना तुला दिसलं. फळ्यावर गणित अर्धं होतं. तू ते पुरं केलंस. मुलांना उत्तर विचारलंस, आणि कोणीतरी बरोबर उत्तर दिलं. हे सांगताना तू माझ्याकडे बघत नव्हतास. मला वाटतं हे तू वहिनींनंतर फक्त मला सांगितलंस. आणि पुढे एका वादात, तू मला बोलून बोलून कोंडीत पकडलं होतंस तेव्हा, मी म्हटलं, "तू तरी काय केलंस? गणित पुरं केलंस." तू नुसतं "हो" म्हणालास. खुलासा न पाठवल्याबद्दल मी स्वतःला काही ना काही कारण देऊ शकतो. या वाक्याला देऊ शकत नाही.

मग वर्षं गेली. तिकडे दुष्काळ पडला, तेव्हा लोक तुला रस्त्यात थांबवून विचारायचे, जणू धान्याचं कोठार तुझ्याकडे होतं. पुढे ते सरकारही पडलं. इकडे माझी अभ्यासमंडळातली पोरं बँकांत लागली, परदेशी गेली, आणि शनिवारच्या सतरंजीवर मी सकाळी योगासनं करायला लागलो. माझी मतं बदलली. ती कधी बदलली ते मला कळलं नाही, पण बदलल्यावर आवाज मात्र तेवढाच मोठा राहिला. मंडळाला आता 'क्रांतीचा पराभव' या विषयावर व्याख्यान हवं होतं. मला वाटलं, आलीच संधी, आता मी अनंताचं फेडतो. धावत तुझ्याकडे आलो.

"आता सगळं सांग," मी म्हटलं. "तादेसेचं सांग, पाटीचं सांग, रडायला बंदी होती ते सांग. आता लोक ऐकतील. फक्त ते शेताचं जरा कमी कर. त्याने लोकांचा गोंधळ होतो."

तू कप खाली ठेवलास. "तेव्हा मुलगा खाल्लास," तू म्हणालास, "आता बाप खायला आलास."

त्यानंतर कितीतरी दिवस आपण फ्रीगंजच्या बाजारात समोरासमोर आलो की तू रस्ता ओलांडायचास. पुढे तूच एक दिवस माझ्या दाराशी येऊन म्हणालास, "चल, पोहे खाऊ. तुझ्याशी भांडलं नाही की पित्त होतं." म्हणून मला वाटलं मिटलं.

मला तुझाही राग आहे, तो लपवत नाही. तू तोंडाने एवढा तिखट, दुधवाल्यापासून कलेक्टरपर्यंत कोणाला सोडलं नाहीस. मग हे एक तू स्वतः का नाही लिहिलंस? शहरात हिंदी साहित्यवाल्यांच्या दहा संस्था होत्या, कोणीही बोलावलं असतं. मी विचारलं होतं तुला. तू म्हणालास, "एकदा सांगून बघितलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या." हे काय उत्तर झालं? माझ्या एका समारोपाने तू आयुष्यभर गप्प बसलास, आणि सगळा भार माझ्यावर टाकून मोकळा झालास, असं मला कैक वेळा वाटलंय. तुझं हे मला अजून पटलेलं नाही.

आणखी एक पटलेलं नाही. देशात काय बदललं हे शाळेच्या एका खोलीतून कळतं असं तू धरून चाललास. मी म्हणायचो, एवढा मोठा देश, एवढ्या जमाती, सैन्य, शेजारी देश, बाहेरची मदत, हे सगळं त्या खोलीत कुठे दिसणार? तू म्हणायचास, "नाही दिसत. पण जे दिसलं ते तुझ्या पुस्तकात नाही." मागच्या दोन-तीन वर्षांत आपल्या शेजारच्या देशांत एकामागून एक सरकारं कोसळली, टीव्हीवर पोरं राजवाड्यांच्या गाद्यांवर लोळताना दिसली, तेव्हा टावरजवळच्या आपल्या नेहमीच्या बाकाशी एक कॉलेजचा मुलगा आला. तुझं नाव ऐकून आला होता. "अंकल, आपने तो क्रांति देखी है. ये जो हो रहा है, अच्छा है या बुरा?"

"अगले साल पूछना," तू म्हणालास.

"क्यों?"

"अभी सब खड़े हैं. देखना है, कौन बैठता है, और फिर उठता है कि नहीं."

मुलाला काही कळलं नाही. मी त्याला समजावायला तोंड उघडलं आणि तू माझ्या पायावर काठी ठेवलीस. हसू आलं मला. रागही आला. मी खरोखरच समजावणार होतो.

दवाखान्यात शेवटी आलो तेव्हा तुझी माफी मागायचीच असं ठरवून आलो होतो. नाकात नळी होती, पण तुझे डोळे टक्क उघडे होते. वहिनी औषध आणायला खाली गेल्या होत्या. मी तुला महापालिकेच्या खोदकामाचं सांगितलं, मग माझ्या गुडघ्याचं सांगितलं. तू नळी जरा बाजूला सारून विचारलंस, "प्रोफेसर, काही बोलायचंय का?" मी म्हटलं, "नाही रे. तू आराम कर." तू डोळे मिटलेस. माझं बोलणं संपल्यावर तू नेहमी असे डोळे मिटायचास, कंटाळून.

एवढं लिहून झाल्यावर काल मी ही पानं घेऊन वहिनींकडे गेलो. छापण्याआधी त्यांनी ऐकावं असं वाटलं. त्या जेवणाच्या टेबलाशी मटार सोलत बसल्या होत्या. मी वाचत गेलो, त्या सोलत गेल्या. शिपायाच्या खुर्चीपाशी किंचित हसल्या. मी समारोप आधी लिहून नेला होता ते ऐकलं तरी हात थांबला नाही. पुढे तुझ्या भाषणात तादेसेच्या वडिलांचा भाग आला, तेव्हा मात्र थांबल्या.

"भाऊजी, परत वाचा."

मी परत वाचलं. त्यांनी तुला शेतावर नेलं, हद्द दाखवली, मग घरी आणलं आणि रडले.

"असं नाही ते," वहिनी म्हणाल्या. "आधी घर. हे पोचले तेव्हा संध्याकाळ झाली होती. त्यांनी दार लावलं आणि रडले. मुलाला कोणी मारलं ते सांग म्हणाले ते तेव्हाच. रात्री हे तिथेच झोपले. शेत दुसऱ्या दिवशी सकाळी, निघताना."

"वहिनी, मी भाषण ऐकलंय. मी तिथे बसलो होतो."

"तुम्ही एकदा ऐकलंत. तेही खिशात कागद ठेवून. मी किती वेळा ऐकलं असेल?" त्यांनी एक शेंग उचलली आणि तशीच हातात धरली. "पेरणीला तो मुलगा सुट्टी काढून गेला होता. त्याने नांगर धरला होता. पीक उभं राहिलं ते बघायला तो उरला नाही. म्हणून म्हाताऱ्याने यांना नेलं. म्हणाला, तू त्याचा मित्र ना, तू बघ. आणि तिथे उभं राहून यांनी विचारलं की जमीन नकोशी होत नाही का. म्हणून तो भडकला. हे स्वतःच म्हणायचे, अगं, मी गाढवासारखं कुठे काय विचारलं."

मी पानं गोळा करायला लागलो. वहिनी म्हणाल्या, "चहा घेणार?"

घरी येऊन तो परिच्छेद नीट लिहायला बसलो. मग राहू दिला. वर तो आहे तसाच आहे, चुकीचा. वाचणाऱ्यांनी वहिनींचं खरं धरावं, आणि माझं यासाठी बघावं की चांगल्या मनाने, तुझं ऋण मानून, सगळं कबूल करत लिहितानासुद्धा माझ्या हातून काय होतं. मी खोटं लिहीत नव्हतो, अनंता. मला ते तसंच आठवतं. आधी मिळालेली जमीन, मग तिच्यासाठी गेलेला मुलगा: माझ्या त्या कागदाला सोयीचा क्रम. तू बोलत असतानाच मी तो लावून घेतला असणार, आणि इतकी वर्षं तुझा म्हणून सांभाळला.

तेव्हा हा खुलासा. ते वाक्य माझं होतं, तुझं नव्हतं. तादेसे नावाच्या इतिहासाच्या मास्तराने क्रांतीसाठी प्राण दिले नाहीत, क्रांतीच्या कमिटीने त्याला मारलं. त्याचे वडील ज्या शेतात उभे होते ते त्यांना क्रांतीनेच दिलं होतं आणि ते परत द्यायला ते तयार नव्हते. तू दोन्ही सांगितलं होतंस. आणि त्या म्हाताऱ्यासारखंच, मुलाचं आधी सांगितलं होतंस.